डब्यातला उंदीर

मंडळी, पत्रिकेत विषय छापलाय 'कवटीवाल्या पतंगाची मधचोरी'. चोरीकडे येतोच, पण आधी आमच्या आत्याकडे जाऊन येऊ.

खानदेशातलं तिचं घर, मागे तिळाचं शेत. श्रावणातल्या एका रात्री ओसरीच्या दिव्यावर तळहाताएवढं पाखरू आदळलं. मी ते पोह्यांच्या रिकाम्या डब्यात कोंडलं आणि झोपलो. पहाटे आत्यानं डबा हलवला. आतून 'चीं! चीं!' तिनं डबा तसाच अंगणात भिरकावला. "मेल्या, पोह्यांत उंदीर?" झाकण उडालं नि बाहेर आला पतंग. पाठीवर फिकट कवटी, पोटावर पिवळे-काळे पट्टे. उंदीर परवडला असता! पुढे वर्षभर घरात जे बिघडलं, म्हैस आटली काय नि मिक्सर जळला काय, सगळं माझ्या खात्यावर.

हसू नका, दर पावसाळ्यात मला फोन येतात. "सर, भुताचं पाखरू!" मागोमाग फोटो, आणि फोटोत शेजारी चप्पल. मापासाठीच ठेवली असेल, असं मी समजतो.

विद्वानही काही कमी नाहीत. प्राण्या-वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनीअसनं १७५८ साली युरोपातल्या भावंडाला नाव दिलं अ‍ॅट्रोपॉस, म्हणजे आयुष्याचा धागा कापणारी ग्रीक देवता. आपल्याकडचा स्टिक्स, म्हणजे ग्रीकांची वैतरणी. आमची आत्या लॅटिन शिकली असती तर हेच केलं असतं तिनं.

बरं, याची अळी बघायची असेल तर तिळाची, वांग्याची पानं चाळत बसू नका, खाली बघा. मातीवर मिरीएवढ्या, उभ्या खाचांच्या लेंड्या दिसल्या की मान वर करा. बोटापेक्षा लांब अळी, अंगावर तिरके पट्टे, शेपटीला वाकडं शिंग. हे शिंग टोचत नाही. मी बोट लावून पाहिलंय, तुम्हीही लावा.

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. चहा तयार आहे म्हणे.

तर चोरी. माझं म्हणणं एवढंच, की कवटीकडे बघणं सोडा आणि याच्या तोंडाकडे बघा. पोळ्याच्या अंधारात कवटी बघतंय कोण? याच्या कुळातल्या, म्हणजे हॉक मॉथ पतंगांतल्या, बहुतेकांची सोंड लांब, फुलाच्या तळाशी पोचणारी. याची आखूड, जाड, टोकदार. मेणाची झाकणं फोडून मध ओढायला केलेली. आपल्या सातेरी मधमाश्यांच्या पेट्यांतही हा शिरतो. मग माश्या सोडतात कशा? युरोपातल्या जातीच्या अंगावर माश्यांच्या अंगावरचीच चार स्निग्धाम्लं सापडली, जवळपास त्याच प्रमाणात. म्हणजे वासाचा गणवेश चोरून आत शिरलेला माणूस! डंखही बऱ्यापैकी सोसतो. आणि ती 'चीं' हार्मोनियमसारखी: घसा भात्यासारखा फुगतो, हवा आत जाताना पडदा थरथरतो, बाहेर येताना शीळ. त्यानं माश्यांना राणीचा आवाज वाटतो, असं जुने लोक म्हणत. मला ते फारसं पटत नाही. पकडल्यावर तो ओरडतो, म्हणजे घाबरवायलाच असावं.

स्थलांतर राहिलंच. एका वाक्यात सांगतो. २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात १४ पतंगांवर चिमुकले ट्रान्समीटर चिकटवून, विमानातून आल्प्सकडे त्यांचा पाठलाग केला. चार तासांपर्यंत, आणि वारा उलटा असला तरी पठ्ठे जमिनीलगत, नाकासमोर उडत राहिले.

आत्याचा डबा आज आणलाय. चहाच्या टेबलावर ठेवतो. रिकामा नाहीये. आवाज आला तर कृपा करून भिरकावू नका.