हप्ता बसला, पण किती वर्षांचा?

[दृश्य: पुण्याच्या पश्चिमेला पुनावळे. रविवारची सकाळ. बांधकाम प्रकल्पाच्या सेल्स ऑफिसबाहेर दुचाकींची रांग. आत काचेच्या पेटीत टॉवरची प्रतिकृती, खिडक्यांतून छोटे दिवे.]

हिंजवडीला नोकरी करणाऱ्यांना सोयीचं म्हणून पुनावळे, ताथवडे, वाकड हा सगळा पट्टा टॉवरांनी भरून गेलाय. रविवारी इथल्या सेल्स ऑफिसांत बसायला जागा नसते. चहा येतो, सॅम्पल फ्लॅट दाखवला जातो, मुलांच्या हातात फुगा दिला जातो. मग टेबलापलीकडून प्रश्न येतो:

"सर, महिन्याला साधारण किती हप्ता झेपेल? तेवढं सांगा, बाकी आपण बसवू."

फ्लॅटची किंमत काय, हा प्रश्न इथे मागे पडतो. साडेबासष्ट लाख हा आकडा छातीत धडकी भरवणारा आहे. त्रेचाळीस हजार तेवढा वाटत नाही. दोघं कमावते असतील तर नवराबायको एकमेकांकडे बघतात आणि मान हलवतात.

आज आपण या त्रेचाळीस हजारांच्या मागे जाऊ. आकडे नमुन्यादाखल घेतलेत, पण गणित खरं आहे.

[दृश्य: कोरा कागद, त्यावर पेनाने आकडे मांडणारा हात.]

फ्लॅट साडेबासष्ट लाखांचा. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ३० लाखांच्या वर आणि ७५ लाखांपर्यंतच्या गृहकर्जात घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के रक्कम मिळते. म्हणजे कर्ज ५० लाख. साडेबारा लाख पदरचे. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत, तो खर्चही आपलाच. पिंपरी-चिंचवडमध्ये मुद्रांक शुल्क, त्यावरचे अधिभार धरून, ७ टक्के. फ्लॅट बाईच्या नावावर घेतला तर एक टक्का कमी. इथे पूर्ण ७ टक्क्यांनी ते ४ लाख ३७ हजार ५०० होतं. नोंदणी फी एक टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही. बांधकाम चालू असेल तर ५ टक्के जीएसटी, म्हणजे आणखी ३ लाख साडेबारा हजार. कर्जाचा पहिला हप्ता जायच्या आधी वीस लाखांहून जास्त गेलेले असतात. यात ना पार्किंग धरलंय, ना किचन ट्रॉली, ना फर्निचर.

आता कर्ज. ५० लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो ४३,३९१ रुपये.

[दृश्य: कर्जखात्याचा उतारा, अगदी जवळून. बोट एकेका रकान्यावरून सरकतं.]

पहिल्या महिन्याची ओळ नीट बघा. हप्ता ४३,३९१. व्याज ३५,४१७. मुद्दल ७,९७४.

हा उतारा पहिल्यांदा बघणाऱ्याला बँकेने फसवल्यासारखं वाटतं. फसवणूक यात काही नाही. व्याज दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळंच मुद्दल उरलेलं असतं. हप्ता कायम तेवढाच ठेवायचा असेल तर आधी व्याज वसूल होणार आणि उरलेल्या चिल्लरीतून मुद्दल फिटणार. पहिल्या वर्षभरात तुम्ही ५ लाख २० हजार भरता. त्यातले मुद्दलात एक लाखही जात नाहीत.

पाच वर्षं होतात. एकही हप्ता चुकलेला नाही. बँकेत २६ लाख भरून झालेत आणि बाकी दिसते ४४ लाख ६ हजार. नोकरी बदलून बंगळूरला निघालेला, फ्लॅट विकायला काढलेला माणूस बँकेचं हे पत्र हातात घेतो तेव्हा त्याचे डोळे पांढरे होतात. त्याच्या हिशेबात पाव कर्ज तरी फिटलेलं असतं.

हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजाच्या पुढे जायला बारावं वर्ष उजाडतं. निम्मं मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षं लागतात. वीस वर्षांनी सगळं मिळून १ कोटी ४ लाख भरलेले असतात, त्यातलं व्याज ५४ लाख.

[दृश्य: सेल्स ऑफिस. टॅबलेटवर हप्त्याचं कॅल्क्युलेटर. मुदतीची पट्टी बोटाने उजवीकडे सरकते.]

त्रेचाळीस हजार जड जातात म्हणालात तर ही पट्टी सरकते. वीसची तीस वर्षं होतात. हप्ता ३८,४४६ वर येतो. जवळजवळ पाच हजार वाचले, तेवढ्यात शाळेची व्हॅन आणि मुलाचा क्लास निघतो. टेबलाच्या दोन्ही बाजूंना हायसं वाटतं.

याच पट्टीने एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर नेलेलं असतं. चौतीस लाखांचा फरक. व्याजदर पाव टक्क्याने कमी मिळावा म्हणून लोक चार बँकांचे उंबरठे झिजवतात, आणि मुदत मात्र कुणी हसतमुखाने दहा वर्षांनी वाढवून दिली की आभार मानतात. उलटं करून पाहा. मुदत पंधरा वर्षं घेतली तर हप्ता ४९,२३७. महिन्याला पावणेसहा हजारांच्या आसपास जास्त जातात आणि व्याजाचे साडेपंधरा लाख वाचतात.

आणि ही मुदत स्थिर असते असंही नाही.

[दृश्य: मुंबई, मिंट रोड. रिझर्व्ह बँकेच्या मुख्यालयाची उंच इमारत.]

आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जं रेपो दरासारख्या, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तशा, बाहेरच्या मापाशी बांधावी लागली. हाउसिंग फायनान्स कंपन्यांवर ही सक्ती नाही, त्या आपापल्या दरावर चालतात. कर्ज कुठून घेतलंय, हे त्यामुळेही महत्त्वाचं.

कोविडच्या काळात रेपो दर ४ टक्के होता. २०२१ मध्ये गृहकर्ज पावणेसात टक्क्यांच्या आसपास मिळत होतं आणि लोकांनी ते धडाधड घेतलं. मे २०२२ मध्ये दर वाढायला लागले. फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो साडेसहा टक्के झाला, नऊ महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ.

आता २०२१ मधलं असं एक कर्ज घ्या. ५० लाख, पावणेसात टक्के, २० वर्षं, हप्ता ३८,०१८. हिशेब सोपा राहावा म्हणून समजा दीड वर्षाने दर एकदम सव्वानऊ झाला. तोवर बाकी आहे ४८ लाख १३ हजार. त्यावर महिन्याचं व्याज होतं ३७,१०१. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ९१७ रुपये. या वेगाने कर्ज फिटायला आणखी चाळीस वर्षं लागतील. पस्तिशीत घर घेतलेला माणूस तोवर पंचाहत्तरी ओलांडतो.

कुठलीही बँक एवढी मुदत देत नाही. मर्यादा आली की हप्ता वाढवावाच लागतो, नाहीतर एकरकमी पैसे भरावे लागतात. पण त्या मर्यादेपर्यंत मुदत गुपचूप ताणली गेली. खात्यातून जाणारा हप्ता तोच होता, मग कोण कशाला चौकशी करणार? उतारा काढला तेव्हा कळलं की निवृत्तीनंतरही हप्ते आहेत.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढून सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारा. दर तिमाहीला त्याला हिशेब द्या: आतापर्यंत मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ते किती उरले. हा तिमाही हिशेब ईमेलमध्ये येऊन पडतो, आणि तो उघडणारे फार थोडे. उरलेल्या हप्त्यांचा आकडा तेवढा बघितला तरी पुष्कळ.

२०२५ मध्ये वारं उलटं फिरलं. फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो साडेसहावरून सव्वापाच टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. झेपत असेल तर हप्ता तोच राहू द्यावा आणि मुदत खाली आणून घ्यावी. जुन्या एमसीएलआर किंवा बेस रेटवरच्या, म्हणजे बँकेने स्वतः ठरवलेल्या दराशी बांधलेल्या कर्जांना मात्र या कपातीचा लाभ उशिरा आणि अर्धामुर्धा मिळतो. बँकेत जाऊन, थोडी फी भरून, कर्ज नव्या पद्धतीवर बदलून घेता येतं.

[दृश्य: बँकेची शाखा. टेबलावर अर्जांची चळत, खुणा केलेल्या जागी सह्या.]

सह्यांच्या या चळतीत एक अर्ज विम्याचा असतो. कर्जदाराचं काही बरंवाईट झालं तर कर्ज फेडणारा विमा. विमा हवाच, त्यात दुमत नाही. पण तो इथेच घ्या, अशी कायद्याची सक्ती नाही, आणि एकरकमी हप्त्याचा विमा गळ्यात मारून ती रक्कम कर्जातच मिसळतात हे वाईट. समजा विम्याचे दीड लाख कर्जात मिसळले. वीस वर्षांत त्याचे तीन लाख बारा हजार भरले जातात. साधा टर्म इन्शुरन्स बाहेरून घेऊन बघा, हिशेब आपोआप कळेल.

प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, मूल्यांकनाचा खर्च हे किरकोळ वाटतात, पण असतात. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देताना एक मुख्य माहितीपत्रक द्यावंच लागतं. त्यात असे खर्च धरून वर्षाचा खरा दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरांवरून करू नका, या कागदावरून करा.

बांधकाम चालू असलेल्या इमारतीत तर प्री-ईएमआयचा फेरा असतो. ताबा मिळेपर्यंत जेवढं कर्ज वाटलं गेलं त्यावर नुसतं व्याज भरायचं. त्यातून मुद्दल एक रुपयाही फिटत नाही, आणि राहत्या घराचं भाडं चालूच. ताबा दोन वर्षं लांबला तर ही दोन वर्षं कर्जाच्या मुदतीत मोजलीच जात नाहीत.

आणि करसवलत. "व्याजावर टॅक्स वाचतो" हे वाक्य अजून सर्रास ऐकू येतं. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याजच ४ लाख २१ हजार आहे. नव्या करपद्धतीत राहत्या घरासाठी ही वजावट मुळीच नाही, आणि आता बहुतेक पगारदार तिकडेच गेलेत.

[दृश्य: संध्याकाळ. टॉवरच्या गॅलऱ्या. कुठे वाळत घातलेले कपडे, कुठे तुळशीची कुंडी.]

हे सगळं ऐकून घर घेऊच नये असं वाटलं असेल तर तेही चूक. एक कोटी चार लाख हा आकडासुद्धा थोडा भेडसावणारा आहे. विसाव्या वर्षी भरायचे ४३,३९१ रुपये आजचे नसतात. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर त्यांची आजच्या पैशांत किंमत सव्वासोळा हजारांच्या आसपास भरते. पगार वाढतो, हप्ता तेवढाच राहतो. शिवाय घर घेतलं नसतं तर भाडं गेलंच असतं, आणि ते दर वर्षी वाढलं असतं. व्याज म्हणजे पैशाचं भाडं. ते द्यायला हरकत नाही, किती वर्षं देतोय हे ठाऊक असावं.

ही वर्षं कमी करणं आपल्या हातात असतं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले तर दंड लावायला रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच मनाई केली. आपल्या पन्नास लाखांच्या कर्जात दर वर्षी एकच हप्ता जादा भरला, म्हणजे बोनसमधले त्रेचाळीस हजार, तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी फिटतं आणि व्याजाचे दहा लाखांहून जास्त वाचतात.

कधी भरता, त्याने फार फरक पडतो. दुसऱ्या वर्षाच्या शेवटी भरलेला एक जादा लाख पुढचं जवळजवळ साडेतीन लाखांचं व्याज वाचवतो. तोच लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरला तर वाचतात पन्नासेक हजार. लोक नेमकं उलटं करतात. सुरुवातीला हात आखडलेला असतो, आणि शेवटी निवृत्तीचे पैसे आले की "एकदाचं संपवून टाकू" म्हणून सगळे ओततात.

पार्ट पेमेंट करताना बँकेला लेखी सांगा की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. तोंडी सांगून बाहेर पडलात आणि हप्ता कमी झाला तर वाचलेलं व्याज निम्म्याच्याही खाली येऊ शकतं. आणि हो, अडीअडचणीचे सहा महिन्यांचे पैसे हातचे राखून मगच हे करा. साध्या कर्जखात्यात भरलेली रक्कम परत काढता येत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जात ती सोय असते, पण त्याचा दर सहसा थोडा जास्त.

[दृश्य: बँकेचा लॉकर विभाग. दोरीने बांधलेली फाइल काउंटरवर येते.]

शेवटचा हप्ता गेला की काम संपत नाही. मूळ करारनामा, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा उतारा), पावत्या, जे जे गहाण ठेवलं होतं ते सगळं ३० दिवसांत परत मिळायला हवं. डिसेंबर २०२३ पासून नियम असा की बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई तिने द्यायची. देताना यादी करून घेतलेली असते, परत घेताना त्या यादीशी एकेक कागद ताडून बघा. ना हरकत पत्र घ्या आणि क्रेडिट अहवालात खातं बंद दिसतंय ना ते महिन्याभराने तपासा. सोसायटीच्या नोंदीत बँकेचा बोजा चढलेला असतो, तो ना हरकत पत्र दाखवून उतरवून घ्यावा लागतो. बहुतेकांना याची आठवण फ्लॅटला गिऱ्हाईक आलं की होते, आणि तोवर ते पत्र कुठल्या कपाटात आहे हे घरात कुणालाच सांगता येत नाही.