जामगी, रंजक आणि त्राफाल्गार

नमस्कार श्रोतेहो! युद्धाच्या कादंबऱ्यांत तोफा धडाडतात, पण तोफ ठासली कोणी आणि त्याला वेळ किती लागला, हे लेखक सहसा सांगत नाहीत. स्पेनचे आर्तुरो पेरेस-रेवेर्ते नेमके तिथेच मुक्काम ठोकतात. १९५१ साली कार्ताहेना या आरमारी बंदरात त्यांचा जन्म झाला. १९७३ ते १९९४ ते युद्धवार्ताहर होते. २००४ साली त्यांची ‘काबो त्राफाल्गार’ ही कादंबरी आली. तिच्यातलं ‘आंतिया’ हे ७४ तोफांचं जहाज काल्पनिक, बाकी लढाई खरी.

ठिकाण स्पेनच्या किनाऱ्यावरचं त्राफाल्गार भूशिर, तारीख २१ ऑक्टोबर १८०५. फ्रान्स-स्पेनची ३३ जहाजं, इंग्रज सेनापती नेल्सनची २७. सकाळी आठच्या सुमारास फ्रेंच सेनापती व्हिलनव्हने ताफ्याला स्पेनच्या काडिस बंदराकडे उलटं फिरायचा हुकूम दिला. वारा अगदी मंद. अवजड जहाजं वळेपर्यंत दोनेक तास गेले, रांग विस्कटली, मध्ये खिंडारं पडली. इंग्रज तिथूनच घुसले.

आता तोफेकडे या. बार झाला की आधी ओला बोळा नळीत फिरवायचा. आत एखादी ठिणगी राहिली, तर पुढची दारूची पिशवी ठासणाऱ्याच्या तोंडावरच फुटते. मग दारू, गोळा, वर चिंध्यांचा बोळा. सगळं घट्ट ठासायचं. कान्यातून, म्हणजे तोफेच्या मागच्या बारीक छिद्रातून, सळई घालून पिशवी भोसकायची, त्यात रंजक, म्हणजे पेट घेणारी बारीक दारू, भरायची, दोर ओढून तोफ खिडकीबाहेर काढायची. मागे धक्का रोखणारा जाड दोर तुटला, तर दोन-तीन टनांची तोफ डेकवर सैरावैरा धावते.

घोटाळा होतो तो पुढे. इंग्रज तोफांना चकमकीचा घोडा होता. दोरी ओढली की लगेच बार. स्पॅनिश तोफांवर बहुतेक जामगीच, म्हणजे हाताने लावायची जळती वात. जामगी लावल्यावर बार उडायला क्षणभर उशीर होतो. पश्चिमेकडून लाटा कुशीवर येत होत्या, जहाज हेलकावत होतं. तेवढ्या उशिरात नेम आभाळात नाहीतर पाण्यात. त्यात गोलंदाज कच्चे. १८०४ च्या पिवळ्या तापाने दक्षिण स्पेनमधल्या अंदालुसियाचा किनारा आधीच रिकामा केला होता, म्हणून गुत्त्यांतून, रस्त्यांवरून माणसं जबरदस्तीने धरून आणलेली. समुद्र न पाहिलेले शिपाईसुद्धा तोफेवर उभे केले. कादंबरीतला निकोलास माराखो असाच पकडून आणलेला मवाली, आणि सगळ्यात जिवंत माणूस तोच.

खलाशांच्या तोंडी लेखकाने आजची रांगडी बोली घातली आहे. ती कधीकधी अति होते, पण गोलंदाज पुस्तकी भाषेत शिव्या देत नसतात, हेही खरं.

वाचताना जहाजाचा एक आराखडा शेजारी ठेवा. इंग्रज जहाज शत्रूच्या कुशीला कूस लावून न लढता त्याच्या पिछाडीमागून का ओलांडतं, ते त्यावरून कळेल. पिछाडीला भक्कम लाकूड नसतं, काचेच्या खिडक्या असतात. तिथून शिरलेला गोळा सगळी तोफांची रांग चिरत थेट नाळेपर्यंत, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकापर्यंत, जातो. नेल्सनच्या ‘व्हिक्टरी’ने व्हिलनव्हच्या ‘ब्युसांतोर’ची गत नेमकी अशीच केली होती.