९० हजार स्क्वेअर फूट, आणि बागेतलं एक खेळघर

नमस्कार मंडळी. आज लॉरेन ग्रीनफील्डबद्दल बोलायचंय. अमेरिकेतली फोटोजर्नलिस्ट, मासिकांसाठी फोटो काढायची, श्रीमंत घरातली पोरं, त्यांचे कपडे, पार्ट्या, आणि पैसा माणसाचं काय करतो हा एकच विषय तिनं वर्षानुवर्षं धरून ठेवला. त्यातूनच ती डॉक्युमेंट्रीकडे वळली.

२०१२ साली तिची 'द क्वीन ऑफ व्हर्साय' आली. फ्लोरिडातलं एक जोडपं, डेव्हिड आणि जॅकी सीगल, फ्रान्सच्या व्हर्साय राजवाड्यासारखं घर बांधायला घेतं, ९० हजार स्क्वेअर फुटांचं. परत सांगते, ९० हजार, एका कुटुंबाला! त्यात २००८ची मंदी आली, यांचा सगळा धंदा बँकांच्या स्वस्त कर्जावर, कर्ज आटलं, बांधकाम अर्धवट राहिलं, कंपनीतली माणसं गेली, घरातले नोकरही कमी झाले. मंदी तुम्हाला माहितीय, त्यात वेळ घालवत नाही.

कारण मला सांगायचंय ते त्या घरात मुलं सांभाळणाऱ्या बाईबद्दल. ती फिलिपिन्सची. स्वतःची मुलं तिकडे, कित्येक वर्षं भेट नाही, इथे दुसऱ्याची मुलं वाढवतेय, तीही एकदोन नाही, आठ. बागेत मुलांसाठी एक छोटं खेळघर बांधलेलं होतं, मुलं त्यात खेळेनाशी झाली आणि ते हिच्या वापरात आलं. ती कॅमेऱ्याला ते घर दाखवते ना, अगदी कौतुकानं, आपण पाहुण्यांना नवा फ्लॅट दाखवतो तसं. आणि मग बोलता बोलता वडिलांचं सांगते. त्यांना आयुष्यभर सिमेंटचं पक्कं घर हवं होतं. ते काही झालं नाही, वडील गेले, आणि शेवटी सिमेंटचं मिळालं ते थडगं. हेच त्यांचं पक्कं घर, असं ती म्हणते. रडते. मी हा भाग तीनदा बघितला तरी दरवेळी पोटात कालवतं.

लॉरेनला त्या राजवाड्याचे झुंबर आणि जिनेच दाखवत बसता आलं असतं की, पण तिनं त्या बाईसमोर कॅमेरा ठेवला आणि तिला बोलू दिलं. पत्रकाराची नजर ती हीच, घर कुणाचंय एवढंच नाही, घरात राबतं कोण हे विचारायचं. राबतं कोण, ते विचारायचं.

आणि मला खरंच वाटतं, आपल्या चॅनेलांनी रात्री आठ डोकी ओरडायला बसवण्यापेक्षा आठवड्यातून एक तास तरी डॉक्युमेंट्री दाखवावी, मराठीतल्या पोरांनी इतकं चांगलं काम केलंय, ते फेस्टिवलबाहेर कुणाला दिसतच नाही.

असो. अमेरिकेतल्या सनडान्स फिल्म फेस्टिवलला या फिल्मसाठी लॉरेनला दिग्दर्शनाचं अवॉर्ड मिळालं. डेव्हिड सीगलनी बदनामीची केस केली होती, तिचा निकालही फिल्मवाल्यांच्याच बाजूनं लागला. कुठे बघायला मिळाली तर बघाच, आणि पुढच्या आठवड्यात याच वेळी भेटू.