मिस्टर आलेत का?

पत्रिकेवर विषय छापलाय तो भारदस्त आहे, ‘राज्यसंस्था आणि स्त्रीचं शरीर : 1860 ते 2022’. तो मी दिलेला नाही हं. सेक्रेटरींचा फोन आला तेव्हा मी म्हटलं होतं मला सहीवर बोलायचंय, कुणाची सही कुठे घेतात यावर, तर ते म्हणाले मॅडम, सही म्हटलं की लोकांना केवायसी वाटेल, कुणी येणार नाही. म्हणून हे नाव. असू दे. 45 मिनिटं दिलीयत, त्यातली 10 सत्कारात गेली, नारळ मिळाला, आता उरलेल्या 35 मिनिटांत 162 वर्षं बसवायचीत. शाळेत आम्ही याहून वाईट केलंय, मार्चमध्ये अख्खं दुसरं महायुद्ध एका तासात उरकलेलं आहे.

तर सहीचं डोक्यात कसं आलं ते सांगते. दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. माझी भाची, वय 31, पदरात एक मूल, स्वतःची नोकरी, नवरा मस्कतला. तो सुट्टीवर येऊन गेला आणि हिला दिवस राहिले, तांबी बसवलेली असताना राहिले. दोघांचं फोनवर बोलणं झालं, नको म्हणून ठरलं, आठवा आठवडा होता, मी सोबत गेले. दवाखान्याचं नाव सांगत नाही, सांगून उपयोगही नाही कारण इथल्या निम्म्या बायकांना आपापला दवाखाना आत्ताच आठवला असेल. काउंटरवरची मुलगी, मान कॉम्प्युटरमध्ये, पहिला प्रश्न काय, तर ‘मिस्टर आलेत का?’ पेशंटचं नाव नंतर, आधी मिस्टर. म्हटलं, मस्कतला आहेत. ‘मग सासूबाई?’ म्हटलं, मी मावशी आहे. तिनं पहिल्यांदा मान वर केली, मला नीट बघितलं आणि म्हणाली, ‘मावशी नाही चालणार.’

आता मी 34 वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळेत काढलीयत, माझ्या सहीवर पोरं पास झालीत, नापास झालीत, दाखले निघालेत, जनगणनेचे कागद गेलेत, निवडणुकीत बूथच्या बूथ माझ्या सहीवर सील झालेत, आणि ही पोरगी म्हणतेय मावशी नाही चालणार! मग माझ्यातली मास्तरीण जागी झाली. म्हटलं बाळ, कायद्यात बाई 18 वर्षांच्या वरची असेल तर तिची एकटीची संमती पुरते, नवऱ्याची लागत नाही, मावशीची तर नाहीच नाही. ती म्हणाली, ‘मॅडम, आमच्याकडे पॉलिसी आहे.’ म्हटलं लेखी दाखव. तर लेखी नाही. मग डॉक्टरीणबाई बाहेर आल्या, चांगल्या होत्या हो बोलायला, म्हणाल्या तुमचं बरोबर आहे, कायदा मलाही माहितीय, पण उद्या नवरा येऊन तमाशा करतो ना, तेव्हा कायदा माझ्या रिसेप्शनवर उभा नसतो. यावर काय बोलणार? त्यांचंही खोटं नव्हतं.

शेवटी तोडगा निघाला, व्हॉट्सॲपवर नवऱ्याची सही मागवा, कोऱ्या कागदावर ‘माझी हरकत नाही’ असं लिहून फोटो पाठवू दे, आम्ही प्रिंट काढून फाइलला लावतो. भाची म्हणाली, गाडीत चार्जर आहे, आलेच. दहा मिनिटांनी आली, फोटो दाखवला, प्रिंट निघाली, फाइलला लागली, सगळे खूश. घरी परत येताना सिग्नलला मला म्हणते, मावशी, तो तेव्हा ड्युटीवर होता, फोन लॉकरमध्ये, सही मीच केली.

हसा, हसा. मीही हसले. मग रात्री झोप येईना. म्हणजे तिच्या नावाची सही चालत नव्हती आणि तिच्याच हातची नवऱ्याच्या नावाची चालली! (मागे एक काका घड्याळ बघतायत, त्यांना सांगते, ही प्रस्तावना होती.)

बरं, या गर्भपाताच्या कायद्यात फॉर्म सी म्हणून एक कागद आहे. मी, अमुकची मुलगी किंवा पत्नी, वय इतकं, पत्ता अमुक, माझ्या गर्भपाताला संमती देते. खाली एक सही, बाईची. संपला फॉर्म. नवऱ्याचं नाव विचारलंय, सही नाही विचारली. नसबंदीच्या ऑपरेशनलाही सरकारच्या नियमांत जोडीदाराची संमती लागत नाही. मग ही मिस्टरांची सही आली कुठून, हे शोधायला गेले आणि आमच्या घरातच सापडलं की हो.

माझे वडील, नाना, तेही मास्तर. साल 1976, आणीबाणी, मी दहा वर्षांची. पगार अडकलेला. का, तर ‘केस’ दिली नाही. केस म्हणजे कोर्टाची नव्हे, नसबंदीला तयार केलेला माणूस. मास्तरानं दोन, तलाठ्यानं इतक्या, ग्रामसेवकानं इतक्या, असं उद्दिष्ट ठरवून दिलेलं. नानांच्या स्टाफरूममध्ये तेव्हा परीक्षेचे गुण कुणी बोलत नसत, ‘तुमच्या किती झाल्या?’ एवढंच. नानांची एकही झाली नव्हती, आई उसनी ज्वारी आणत होती. शेवटी वस्तीवरचे एक आजोबा तयार झाले, वय साठीच्या पुढं, बायको वारून बारा वर्षं झालेली. नाना त्यांना सायकलवर डबल सीट घेऊन तालुक्याला निघाले, आणि आजोबा वाटेत म्हणाले ते नाना मरेपर्यंत सांगायचे, ‘गुरुजी, विहीर आटून जमाना झाला, आता मोटर कशाला काढायला लागलाय?’ कॅम्पवर वय लिहिणाऱ्यानं विचारलं किती, नाना गप्प, आजोबांनीच सांगितलं, लिवा पंचेचाळीस. पैसे मिळाले, आजोबांनी त्यातून बिडीबंडल आणि नातीला फ्रॉक घेतला. दुसरी केस कुणाची होती ते नानांनी कधीच सांगितलं नाही. आम्ही विचारलं की उठून बाहेर जायचे.

हे सगळ्या देशात चाललं होतं, उत्तरेतल्या गोष्टी जास्त ऐकू येतात म्हणून आपण हात झटकतो. पण सक्तीच्या नसबंदीचं विधेयक विधिमंडळात मंजूर करून घेणारं राज्य आपलं, 1976 साली, शंकरराव चव्हाण मुख्यमंत्री असताना. तीन मुलं झाली की नसबंदी, नाही केली तर तुरुंग. राष्ट्रपतींची संमती आली नाही म्हणून तो कायदा झाला नाही, नाहीतर पुरोगामी महाराष्ट्र हा शब्द उच्चारताना जरा अडखळलो असतो. 1976-77 या एका वर्षात देशात 82 लाखांवर नसबंद्या झाल्या, त्यातल्या 62 लाखांच्या आसपास पुरुषांच्या.

आता गंमत बघा, गंमत म्हणजे काय, तुम्हाला कळेलच. 1977 ला सरकार पडलं, पुरुष चिडलेले, मतं पुरुषांची दिसतात. नव्या सरकारनं ‘कुटुंब नियोजन’ची पाटी काढून ‘कुटुंब कल्याण’ लावली, खुर्च्या त्याच. पुढच्या वर्षी पुरुषांच्या नसबंद्या 62 लाखांवरून दोन लाखांच्याही खाली आल्या. कार्यक्रम मात्र थांबला नाही, तो बायकांकडे वळला. आजचं सांगते, 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत बाईची नसबंदी झालेली जोडपी शंभरात जवळजवळ 38, पुरुषाची झालेली हजारात तीन. पुरुषांचं ऑपरेशन सोपं, पोट फाडायचं नाही, तरी. आणि बोलण्यात बघा, ‘तिचं ऑपरेशन झालंय’ म्हटलं की कुठलं ते कुणी विचारत नाही.

आमच्या घरातही तेच. 1978 साली धाकटा भाऊ झाला, तीन मुलींवर झाला म्हणून पेढे वाटले आणि महिन्याभरात आईचं ऑपरेशन. तोपर्यंत नानांना कुणी चकार शब्द विचारला नव्हता, दुसऱ्यांच्या केसेस देणारा माणूस! कॅम्प आमच्याच शाळेत, चौथीच्या वर्गात. बाकं व्हरांड्यात ओढलेली, आत सतरंजीवर बायका ओळीनं झोपवलेल्या, फळ्यावर आदल्या दिवसाचा सुविचार तसाच. आई सातवी पास, अक्षर नानांपेक्षा सुंदर, सही करताना शेवटी छोटी वेलांटी काढायची. पण टेबलावरच्या कारकुनासमोर रांग मोठी, शाईचा पॅड उघडा, त्यानं न विचारता तिचा अंगठा धरला आणि टेकवला. शेजारच्या रकान्यात नानांनी सही केली. आई ते पंचवीस वर्षं सांगत होती. ऑपरेशनबद्दल तिची तक्रार नव्हती बरं का, तिला चार पुरे झाली होती, तक्रार अंगठ्याची. ‘मला सही येत होती गं.’

चिठ्ठी आली. दहा मिनिटं. बघा, 162 वर्षं अजून तशीच आहेत, आता पळते.

1860 चा भारतीय दंड संहितेचा कायदा, कलम 312, गर्भपात हा गुन्हा, आणि त्यात बाई स्वतःसुद्धा आरोपी, सुटका फक्त तिचा जीव वाचवण्यासाठी केलेला असेल तर. हे कलम इंग्रजांबरोबर गेलेलं नाही, नव्या न्याय संहितेत 88 व्या नंबरवर बसलंय. मग आपले रघुनाथराव कर्वे, विल्सन कॉलेजात गणित शिकवणारे, 1921 ला मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढतात, त्यापायी नोकरी जाते, 1927 ला ‘समाजस्वास्थ्य’ मासिक काढतात, सरकार अश्लीलतेचे खटले भरतं, 1934 च्या खटल्यात बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील, खटला हरले. 1938 ला बाबासाहेबांनी तयार केलेला संततिनियमनाचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळात आला, फेटाळला गेला. कर्व्यांवर खरं तर वेगळा तास हवा, पुढच्या वर्षी बोलवा. आणि मग 1952 ला हाच देश कुटुंब नियोजनाचा सरकारी कार्यक्रम काढणारा जगातला पहिला. जे बोललं म्हणून दंड होता तेच पंचवीस वर्षांत उद्दिष्ट झालं! माझं म्हणणं एवढंच आहे की बंदी घालणारा आणि सक्ती करणारा हात एकच, मधल्या काळात बाईला विचारायची पद्धत काही पडली नाही.

1971 चा गर्भपाताचा कायदा, आपले तेव्हाचे आरोग्यमंत्री शांतिलाल शहा यांच्या समितीच्या अहवालातून आलेला, चांगला कायदा, हजारो बायका वाचल्या. पण वाचून बघा, त्यात बाईला हक्क असं कुठे लिहिलेलं नाही, अमुक अटी पाळल्या तर ‘डॉक्टर दोषी ठरणार नाही’ असं लिहिलंय. म्हणून ठरवायचं डॉक्टरनं, आणि त्या डॉक्टरीणबाई घाबरतात त्याचं मूळ इथे. साधन फेल गेलं हे कारण 2021 पर्यंत फक्त ‘विवाहित स्त्री किंवा तिचा पती’ यांच्यासाठी होतं, तेव्हा ‘स्त्री किंवा तिचा जोडीदार’ झालं, आणि 29 सप्टेंबर 2022 ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं की काही बायकांना 24 आठवड्यांपर्यंत गर्भपाताची जी सवलत आहे तीतून अविवाहित बाईला वगळता येणार नाही.

मधे गर्भलिंग निदान. महाराष्ट्रानं 1988 ला देशात पहिला कायदा केला, केंद्राचा 1994 चा. मी त्या कायद्याच्या बाजूची आहे, 2011 च्या जनगणनेत बीडमध्ये सहा वर्षांच्या आतल्या हजार मुलग्यांमागे 807 मुली, त्यावर आणखी काय बोलायचं. पण धाड पडेल या भीतीनं काही डॉक्टर सरळ कायदेशीर गर्भपातालाही नाही म्हणतात, आणि ती बाई मग कुठे जाते ते आपल्याला माहितीय.

आणि दोन अपत्यांची अट, 12 सप्टेंबर 2001 नंतर तिसरं झालं की पंचायतीची निवडणूक बाद. एकीकडे बायकांना 50 टक्के आरक्षण, दुसरीकडे सासू म्हणते मुलगा हवा, तिसरं झालं की खुर्ची जाते बाईची, सासूची नाही. नवरा उभा असेल तर त्याचीही जाते, हे खरंय, पण तो...

हो हो, दुसरी चिठ्ठी, समजलं. थांबतेच. फक्त एक, फॉर्म सी मी मराठी करून आणलाय, 40 झेरॉक्स आहेत, चहाच्या टेबलावर ठेवतेय. ज्यांचे मिस्टर आलेत त्यांनी त्यांनाही एक द्या, आणि त्यात त्यांच्या सहीची जागा कुठे आहे ते शोधायला सांगा, तोवर मी चहा घेते, घसा बसलाय.