ओळख

नमस्कार, श्रोतेहो.

कॉलेजात असताना सुट्टीत मी एका केटररकडे वाढप्याचं काम करायचो. पांढरा शर्ट, काळी पँट, डोक्यावर कागदी टोपी. एकदा लग्न निघालं ते आमच्याच आळीतलं. जिलबीचं ताट घेऊन पंगतीत फिरतोय, तर समोर शेजारच्या काकू. ज्यांच्या ओट्यावर माझ्या लहानपणीच्या निम्म्या संध्याकाळी गेल्या, त्या. म्हटलं, आता विचारणार, ‘अरे, तू इथे कसा?’ काकूंनी जिलबीकडे पाहिलं, दोन बोटं दाखवली आणि शेजारणीशी बोलणं चालू ठेवलं. मी दोन जिलब्या वाढल्या, पुढच्या पानावर सरकलो. पंगत उठल्यावर मात्र पाण्याच्या स्टीलच्या पिंपात स्वतःचा चेहरा बघून घेतला. उगाचच.

आपण म्हणतो ना, ‘त्यानं ओळखसुद्धा दिली नाही.’ म्हणजे माझी ओळख माझ्याकडे नसतेच, ती असते समोरच्याच्या खिशात.

किपलिंग विल्यम्स नावाचे एक मानसशास्त्रज्ञ. एकदा बागेत बसले असताना त्यांच्याकडे एक फ्रिस्बी आली. त्यांनी ती परत फेकली. खेळणाऱ्या दोघा अनोळखी माणसांनी त्यांनाही थोडा वेळ खेळात घेतलं आणि मग फेकणं बंद केलं. भांडण नाही, शब्द नाही. तरी ते इतकं लागलं की विल्यम्स यांनी त्याचाच प्रयोग केला. पुढे 2000 साली तो संगणकावर आला. पडद्यावर तिघं चेंडू फेकतायत, त्यातले एक तुम्ही. सुरुवातीला दोन-चार वेळा चेंडू येतो, मग येतच नाही. काही मिनिटांचा खेळ, पण माणसं खट्टू होतात. आपण कुणाचे नाही, आपली किंमत नाही, आपल्या हातात काही नाही, आपण असलो काय नि नसलो काय, असं वाटायला लागतं. गंमत पुढेच आहे. नंतरच्या एका प्रयोगात आधीच सांगितलं होतं, की समोर माणसं नाहीत, संगणक खेळतोय. तरी मन उतरलंच! मला हे वाचून काकूंच्या बाबतीत जरा हलकं वाटलं.

चेंडूचा खेळ मिनिटांत संपतो. रोजच वाट्याला आलं तर? काही जण जास्तच गोड वागून बघतात, काही भडकतात. आणि फार वर्षं गेली, की माणूस चेंडूकडे बघणंच सोडतो.

वाळीत टाकणाऱ्या गावकीला हे सगळं प्रयोगाविना ठाऊक होतं. अंगाला हात लावायचा नाही, फक्त हाक मारायची नाही. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा महाराष्ट्राचा आताचा कायदा लागू व्हायला 2017 उजाडलं.

पुण्यात 1993 साली कचरा वेचणाऱ्यांची संघटना उभी राहिली, कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत. पहाटे पाठीवर पोतं घेऊन फिरणाऱ्या बाया. दिसायच्या कधी, तर चोरीचा संशय आला की. एरवी नाहीच. पुढे महापालिकेच्या मान्यतेची ओळखपत्रं त्यांना मिळाली. फोटो, नाव, शिक्का. आपल्याला ओळखपत्र म्हणजे पाकिटातलं एक कार्ड. इथे शब्द पुन्हा तोच आहे बघा, ओळख. मुकादम, पोलीस, सोसायटीचा वॉचमन, कुणीही अडवलं तर पुढे धरायला हातात काहीतरी आलं, आणि ते धरलं की समोरच्याला नाव वाचावं लागतं.

मी तरी आत्ता काय करतोय म्हणा! काचेमागे बसून बोलतोय, तुम्ही मला पाहिलेलं नाही. पण इथे न दिसण्याचे पैसे मिळतात, आणि शेवटी निवेदक माझं नावही सांगतात.

काकूंना मी खूप वर्षांनी तो किस्सा सांगितला. त्यांना लग्न आठवलं, नवरीचा शालू आठवला, जिलबी थोडी कच्ची होती हेही आठवलं.

म्हणाल्या, “तू होतास? मग सांगायचं नाही का रे!”