तार्कोव्हस्कीनं पेरलेलं शेत

मित्रहो, रशियन चित्रपट दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्हस्कीबद्दल बोलताना मला आधी एक शेत आठवतं. ‘मिरर’ या चित्रपटासाठी त्यानं आपल्या लहानपणीचं लाकडी घर, जुने फोटो समोर ठेवून, मूळ जागीच पुन्हा उभारलं. घरासमोर पूर्वी कुट्टूचं शेत असायचं. फुलोऱ्यात ते बर्फ पडल्यासारखं पांढरं दिसे. आता तिथे वर्षानुवर्षं जनावरांचा चाराच पेरला जात होता. गावकरी म्हणाले, या जमिनीत कुट्टू येणारच नाही. यानं ते शेत भाड्यानं घेतलं, जोखीम पत्करून पेरणी केली. आणि पीक तरारून आलं!

दुसरी कुठलीही पांढरी फुलं चालली नसती का? त्याला नसती चालली. त्याचं कारण सिनेमाकडे पाहण्याच्या त्याच्या पद्धतीत आहे. मॉस्कोच्या चित्रपटसंस्थेत तो मिखाईल रोम यांच्या हाताखाली शिकला. सोव्हिएत सिनेमावर तेव्हा दिग्दर्शक आयझेनस्टाइनची छाया होती : दोन दृश्यं (म्हणजे शॉट) एकमेकांवर आदळली की तिसरा अर्थ निघतो. तार्कोव्हस्कीला हे पटलंच नाही. त्याच्या मते काळ दृश्याच्या आतच वाहत असतो, आणि संकलकानं तो फक्त नीट जोडायचा. वेगवेगळ्या व्यासाचे नळ जसे जोडता येत नाहीत, तशीच काळाच्या वेगवेगळ्या दाबाची दृश्यंही जुळत नाहीत, असं तो म्हणे. ‘मिरर’एवढ्या लांबीच्या चित्रपटात पाचशेच्या आसपास दृश्यं असतात. ‘मिरर’मध्ये ती जेमतेम दोनशे आहेत. तरीही वीसहून अधिक वेळा मांडणी बदलावी लागली, तेव्हा कुठे चित्रपट उभा राहिला.

त्यात त्याची खरी आई पडद्यावर दिसते. वडील आर्सेनी हे कवी. मुलं लहान असतानाच ते घर सोडून गेले होते. या चित्रपटात ते दिसत नाहीत, पण स्वतःच्या कविता स्वतःच्या आवाजात वाचतात. घरात नसलेला बाप असा फक्त कानांवर येत राहतो. मला हा तार्कोव्हस्कीच्या सगळ्या कामातला सर्वांत धाडसी निर्णय वाटतो.

बाकीची कारकीर्द थोडक्यात सांगतो. १९६२ मध्ये ‘इव्हान्स चाइल्डहुड’ला व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. १९६६ मध्ये पूर्ण झालेला ‘आंद्रेई रुब्लेव्ह’ मायदेशी १९७१ पर्यंत अडवून ठेवला गेला. ‘स्टॉकर’ची चित्रित झालेली फिल्म प्रयोगशाळेत खराब झाली, पुन्हा चित्रीकरण करावं लागलं. १९८४ मध्ये मिलानला त्यानं मायदेशी परत न जाण्याचा निर्णय जाहीर केला, आणि २९ डिसेंबर १९८६ रोजी पॅरिसमध्ये, वयाच्या चोपन्नाव्या वर्षी तो गेला. मागे राहिले पूर्ण लांबीचे सात चित्रपट.

‘मिरर’ कळत नाही अशी तक्रार तेव्हा झाली, आजही होते. पण त्याच्याकडे पत्रंही आली. गॉर्की शहरातल्या एका बाईनं लिहिलं होतं की माझं बालपण अगदी असंच होतं, पण तुम्हाला ते कसं कळलं? तो चित्रपट पुन्हा पाहाल तेव्हा शेवट नीट पाहा. म्हातारी आई लहान मुलांना घेऊन शेतातून चालली आहे, दूर तीच आई तरुण वयात उभी राहून पाहते आहे, आणि कॅमेरा हळूहळू झाडांच्या अंधारात मागे सरकतो आहे.