चेहऱ्यावरचे नको असलेले केस: एका खोलीतल्या तिघींची गोष्ट

नमस्कार श्रोतेहो. मी तालुक्याच्या गावी त्वचारोगाची डॉक्टर म्हणून काम करते. आज बोलायचं आहे ते बायकांच्या चेहऱ्यावर येणाऱ्या नको असलेल्या केसांबद्दल. ओठांवर, हनुवटीवर, गालांवर, गळ्यावर येणाऱ्या केसांबद्दल. घरात रेडिओ ऐकत बसलेल्या पुरुषांनी कृपा करून उठून जाऊ नये. तुमच्या मुलीबद्दल, बहिणीबद्दल, बायकोबद्दलच हे बोलणं आहे.

पाळी येण्याच्या वयातल्या शंभर बायकांमध्ये पाच ते दहा जणींना हा त्रास असतो. म्हणजे एसटीत तुमच्या शेजारी बसलेली, बचत गटाच्या बैठकीत हिशेब लिहिणारी, वर्गात शिकवणारी, यांपैकी कुणालाही तो असू शकतो. सकाळी दाराला कडी लावून तिने चिमटा किंवा वस्तरा वापरलेला असतो, म्हणून आपल्याला दिसत नाही.

लव मात्र प्रत्येक बाईच्या चेहऱ्यावर असतेच. बारीक, मऊ, फिकट. तो आजार नव्हे, आणि तिच्यासाठी काही करायलाच हवं असं अजिबात नाही. हल्ली कोवळ्या मुली मोबाईलचा कॅमेरा नाकाशी धरून स्वतःची लव मोजत बसतात, आणि भिंगाचे आरसे तर घरोघरी झालेत. माझं स्पष्ट मत आहे, भिंगाचा आरसा घरात ठेवूच नये. आपल्याकडे कुणी भिंगातून बघत नाही.

आता मुद्द्याचं. चेहऱ्यावर केस वाढले आहेत असं वाटलं की पार्लरला जायच्या आधी तीन प्रश्न स्वतःला विचारा. कागद-पेन्सिल जवळ असेल तर लिहून घ्या. केस कुठे आलेत? केस कसे आहेत? आणि पाळी कशी आहे? पुन्हा सांगते. केस कुठे आलेत, केस कसे आहेत, पाळी कशी आहे. हे तीन प्रश्न का, ते मी तुम्हाला तीन मुलींच्या गोष्टीतून सांगते. ओळख पटेल असं काही सांगणार नाही.

पावसाळा संपत आला होता. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला असलेली एक मुलगी आईबरोबर आली. तोंडाला स्कार्फ घट्ट बांधलेला. स्कार्फ आता सगळ्याच मुली बांधतात, त्यामुळे त्यामागे कोण काय लपवतंय ते कळत नाही. आई बसता बसताच म्हणाली, "मॅडम, हिला दाढी यायला लागली." मुलीने मान खाली घातली ती वर केलीच नाही.

मी मुलीला विचारलं, "पाळी वेळेवर येते का गं?" आई म्हणाली, "येते." मी मुलीला विचारलं, "कधीपासून वाढलेत केस?" आई म्हणाली, "गणपतीच्या आधीपासून." इथे जरा थांबून समस्त आयांना हात जोडून सांगते. मुलगी सोळा वर्षांची झाली की डॉक्टरांसमोर तिचं तिला बोलू द्या. तुमची माया मला कळते. पण आजार तिच्या अंगात आहे, आणि आईसमोर मुली निम्म्या गोष्टी सांगत नाहीत.

आईला मी बाहेर केसपेपरचं काम सांगितलं आणि मुलीला स्कार्फ काढायला लावला. दोन्ही गालांवर काळसर, लांब झालेली लव होती. हनुवटी साफ, ओठांवर विशेष काही नाही. गाल मात्र लालभडक, त्यावर बारीक रक्तवाहिन्या दिसत होत्या, मधूनमधून पुटकुळ्या. पाळी दर महिन्याला. बरोबरच्या फाइलमध्ये रक्ताच्या तपासण्या होत्या, सोनोग्राफी होती, आणि सगळं नॉर्मल होतं. आईवडिलांचे चांगले पैसे त्यात गेलेले.

"चेहऱ्याला काय लावतेस?" मी विचारलं.

"काही नाही."

"काहीच नाही?"

"साधं क्रीम लावते, मॅडम."

पुढच्या वेळी ते क्रीम घेऊन ये, असं सांगून मी तिला पाठवलं.

आठवडाही झाला नसेल, दुसरी मुलगी आली. तोच स्कार्फ, तेच लाल गाल, गालांवर तशीच वाढलेली लव. कुठे राहतेस, म्हटलं, तर त्याच वसतिगृहात. खोली कुठली, तर तीच खोली. आता माझ्या लक्षात यायला लागलं. एका खोलीतल्या दोन मुलींचे हार्मोन एकदम बिघडतील, असं सहसा होत नाही. मी विचारलं, "खोलीत अजून कोण आहे?" ती म्हणाली, "आमची तिसरी पार्टनर. तिला तर आमच्यापेक्षा जास्त आहेत केस. पण ती यायला लाजते."

मी म्हटलं, "येत्या गुरुवारी तिघी मिळून या. आणि तुमच्या खोलीतल्या फळीवर तेल, पावडर, क्रीम, जे काही असेल ते सगळं एका पिशवीत घालून आणा. काही मागे ठेवू नका."

गुरुवारी तिघी आल्या. पिशवी टेबलावर रिकामी केली. खोबरेल तेल, काजळ, मुलतानी माती, ब्लीचची डबी, टाल्कम पावडर, आणि सगळ्यात शेवटी खालून वर गुंडाळत आणलेली एक ट्यूब. मी ती उलगडून वाचली. तीन औषधांचं मिश्रण होतं. हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन, आणि तिसरं स्टिरॉइड. ते थोड्या दिवसांसाठी, ठरावीक काळ्या डागांवर, डॉक्टरांच्या देखरेखीखाली वापरायचं औषध आहे. या मुली रोज रात्री पूर्ण चेहऱ्याला लावत होत्या. पहिलीच्या बहिणीच्या लग्नात कुणीतरी सांगितलं, मेडिकलच्या दुकानातून चिठ्ठीशिवाय मिळाली, आठ दिवसांत चेहरा उजळला. मग काय, तिघींनी वर्गणी काढून ट्यूब आणायला सुरुवात केली. कित्येक महिने.

स्टिरॉइडने सुरुवातीला चेहरा उजळतो हे खरं आहे. पुढे कातडी पातळ होते, लाल होते, उन्हात भाजते, पुटकुळ्या येतात आणि जिथे मलम लावलं तिथे लव वाढते. 2018 मध्ये केंद्र सरकारने 14 स्टिरॉइड मलमं डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकायला मनाई केली. तरी ती मिळतात. मला या गोष्टीचा मनापासून संताप येतो. आणि त्याहून जास्त संताप येतो तो स्थळाच्या जाहिरातीत अजून 'गोरी' हा शब्द छापणाऱ्यांचा. शेतात राबलेल्या, उन्हात चालत शाळेला गेलेल्या आपल्या मुलींचा रंग सुंदर आहे. तो कुणासाठी बदलायचा?

असो. ट्यूब सापडली. दोघी रडता रडता हसायला लागल्या. तिसरी मात्र खुर्चीच्या टोकावर गप्प बसून होती. मैत्रिणीच म्हणाल्या, "मॅडम, हिचंही ट्यूबमुळेच आहे ना?"

मी तिला उजेडात घेतलं. गाल लाल होते, ते ट्यूबचं काम. पण केस? ते गालांवर नव्हतेच. हनुवटीवर होते, जबड्याच्या खाली होते, गळ्यावर होते. आणि लव नव्हे, राठ केस, वस्तऱ्याने काढून परत आलेले. सगळ्या उठायच्या आत पहाटे चारला न्हाणीघरात जाऊन ती ते काढायची. मुलींची वसतिगृहं बांधणाऱ्यांना मला सांगायचंय की न्हाणीघरं दुप्पट बांधा आणि त्यांना आतून नीट लागणाऱ्या कड्या बसवा. वयात आलेल्या मुलीला दिवसातून वीस मिनिटं एकटीची मिळायला हवीत.

आठवतात ना आपले प्रश्न? केस कुठे आलेत, केस कसे आहेत. तिसरा राहिला होता. दोघींना बाहेर पाठवलं आणि विचारलं, "पाळी कशी आहे?" बराच वेळ ती बोलली नाही. मग म्हणाली, "शिमग्याला आली होती. मग एकदम आखाडात." घरी सांगितलं नव्हतं. लग्न न झालेल्या मुलीची पाळी चुकली म्हटल्यावर लोक भलताच अर्थ काढतील ही भीती. तिने स्कार्फ पूर्ण सोडला तेव्हा मानेमागची कातडी दिसली. काळी, जाडसर, आणि मधे सोललेली. मळ समजून ती रोज दगडाने घासत होती. तो मळ नव्हता. शरीरात इन्सुलिन नीट काम करत नसलं की मान आणि काखा अशा काळ्या पडतात. वडिलांना मधुमेह होताच. तपासण्या केल्या तेव्हा पुरुषी हार्मोन थोडं वाढलेलं निघालं, आणि साखर काठावर. मुलगी जेमतेम एकोणीस वर्षांची.

एक खोली, एक फळी, एक ट्यूब. पण दोघींचं कारण ट्यूबमध्ये होतं आणि तिसरीचं पोटात. ट्यूब सापडली म्हणून तपास तिथेच संपवला असता तर तिसरीची वाढती साखर आणखी किती वर्षं तशीच राहिली असती, सांगता येत नाही.

पहिल्या दोघींची ट्यूब देखरेखीखाली हळूहळू बंद केली. अशी ट्यूब एकदम सोडली की चेहऱ्याची आग होते आणि मुली घाबरून पुन्हा तीच लावतात, हे लक्षात ठेवा. पुढच्या काही महिन्यांत त्यांच्या गालांवरची लव कमी होत गेली. तिसरीला मी सगळं समजावून सांगितलं, तेव्हा तिचा पहिला प्रश्न होता, "मग मॅडम, मान घासणं बंद करू का?"

तिला जे होतं त्याला तुम्ही सगळ्या पीसीओडी म्हणता, डॉक्टर पीसीओएस लिहितात. हा आजार नवा नाही. शिकागोच्या दोन डॉक्टरांनी 1935 मध्येच त्याचं वर्णन लिहून ठेवलं आहे. असे राठ केस येणाऱ्या बायकांमध्ये सगळ्यात जास्त सापडणारं कारण हेच. अंडाशयातून पुरुषी हार्मोन थोडं जास्त तयार होतं, त्यामुळे लवेचा राठ केस होतो, पाळी लांबते, वजन वाढतं, पुटकुळ्या येतात. काही जणींची पाळीही नियमित असते आणि हार्मोनही नॉर्मल, तरी केस येतात. अशा घरांत बहुतेक वेळा आईला, आत्याला, मावशीला तसेच केस असतात. केसांची मुळंच त्या हार्मोनला जास्त दाद देतात. थायरॉइड आणि प्रोलॅक्टिन, म्हणजे अंगावरचं दूध आणणारं हार्मोन, हेही तपासून घ्यावं लागतं. फिटची किंवा इतर काही दीर्घकाळची औषधं चालू असतील तर तीही डॉक्टरांना दाखवा, कारण काही औषधांनीही केस वाढतात.

वजन जास्त असेल तर पाच ते दहा टक्के कमी झालं तरी पाळी सुधारते. सत्तर किलोच्या बाईने साडेतीन ते सात किलो कमी करायचे. उपाशी राहून नाही. हार्मोनच्या गोळ्यांचा केसांवर परिणाम दिसायला सहा महिने लागतात. सहा महिने. केस हळू वाढतो, म्हणून औषधही हळू दिसतं. महिन्यात फरक नाही म्हणून डॉक्टर बदलू नका. आणि यातल्या काही गोळ्या, उदाहरणार्थ स्पायरोनोलॅक्टोन, गरोदरपणात चालत नाहीत. मूल हवं असेल तर ते आधी सांगा. मैत्रिणीची चिठ्ठी दाखवून गोळ्या आणणं तर अजिबात नको.

कारणाचा इलाज चालू असताना आलेले केस काढायला हरकत नाही. दोरा करा, कातरीने कापा, वस्तरा वापरा. वस्तऱ्याने केस जाड होतात हे आपल्या घराघरांत पक्कं बसलेलं आहे, आणि ते खोटं आहे. मिल्ड्रेड ट्रॉटर नावाच्या अमेरिकन शरीरशास्त्रज्ञ बाईंनी 1928 मध्येच हे मोजून दाखवलं. ज्वारी कापल्यावर रानातले सड पायाला बोचतात, पण म्हणून धाट जाड झालेलं नसतं. टोक बोथट झालं म्हणून हाताला टोचतं, इतकंच. चिमट्याने सारखं उपटत राहिलं तर मात्र आत केस अडकतो, पू होतो, काळे डाग पडतात. मुरमांची मलमं लावत असाल तर चेहऱ्यावर वॅक्सिंग करू नका, कातडी सोलून निघते.

लेसरबद्दल सगळ्या विचारतात. लेसर केसांतल्या काळ्या रंगाला धरतो, म्हणून पिकलेल्या केसांवर चालत नाही. तिथे विजेच्या सुईने एकेक मूळ जाळावं लागतं. आपल्या सावळ्या कातडीला योग्य मशीन आणि जाणता हात लागतो, नाहीतर भाजतं. महिन्याच्या अंतराने सहा ते आठ वेळा जावं लागतं, आणि त्याआधी काही आठवडे दोरा किंवा वॅक्सिंग करायचं नाही, कारण लेसरला मूळ जागेवर लागतं. वस्तरा चालतो. हार्मोनचा इलाज न करता लेसर केला तर नवे केस येत राहतात. मग पैसे गेले म्हणून मशीनला दोष दिला जातो.

आणि आता जे सांगते ते नीट ऐका, मी दोनदा सांगणार आहे. केस दोनचार महिन्यांतच झपाट्याने वाढले, आवाज पुरुषी व्हायला लागला, डोक्याचे केस कपाळाच्या बाजूने विरळ झाले, किंवा पाळी कायमची गेल्यावर हे सगळं नव्याने सुरू झालं, तर पार्लर नको, लेसर नको, घरगुती लेप नको. क्वचित अंडाशयात किंवा मूत्रपिंडावरच्या ग्रंथीत गाठ असते, आणि ती लवकर सापडली तर काढता येते. पुन्हा सांगते. झपाट्याने वाढलेले केस, बदललेला आवाज, कपाळाकडून विरळ झालेलं डोकं, किंवा पाळी गेल्यावर नव्याने सुरू झालेला हा त्रास. यातलं काहीही असेल तर त्याच आठवड्यात डॉक्टरांकडे जा. जिल्हा रुग्णालयात जा, सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात जा. आणि एकटीला जायला भीती वाटत असेल तर हे भाषण ऐकणाऱ्या कुणालातरी बरोबर घेऊन जा.

नमस्कार.